सात कात्रणं आणि गिरणीतला खिळा

"मॅम, आर्ग्युमेंटला जागाच नाही ना. सात पेपर्समध्ये सेम आलंय," असं मला एका पंचवीस-सव्वीस वर्षांच्या मुलीने माझ्याच घरात, माझाच चहा पिताना सांगितलं. तिला मी तिथल्या तिथे दार दाखवलं नाही, हे माझ्या स्वभावाला धरून नव्हतं.

ती खऱ्या गुन्ह्यांवर माहितीपट करणाऱ्या एका कंपनीत होती. लोक हल्ली जेवताना मोबाइलवर खून बघतात, त्यांच्यासाठी. मी पुण्यातल्या एका स्थानिक दैनिकात आयुष्यभर गुन्ह्यांच्या बातम्या केल्या, निवृत्त झाले, आणि घरात बसून मेथी निवडण्यापेक्षा बरं म्हणून या लोकांच्या चार भागांत 'ज्येष्ठ गुन्हे पत्रकार' म्हणून बोलून आले होते. मागे पुस्तकांचं कपाट, अर्ध्या चेहऱ्यावर अंधार, आणि आवाज खाली आणून म्हणायचं, "या घटनेने पुणं हादरलं." पुणं कधी हादरलेलं मी पाहिलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी ते पिशवी घेऊन दुधाच्या रांगेत उभं असायचं. पण मला ते काम आवडायचं, खोटं कशाला बोलू? सदाशिव पेठेत चाळीस वर्षं राहूनही जे शेजारी जिन्यात मान वळवायचे, ते आता थांबून विचारपूस करायला लागले होते.

पाचव्या भागासाठी त्यांनी बिबवेवाडीतल्या कॉम्प्युटर क्लासमधला खून निवडला होता. मुलीने सात कात्रणांच्या झेरॉक्स माझ्या टेबलावर ओळीने मांडल्या. प्रत्येकीवर एकच वाक्य पिवळ्या शाईने रंगवलेलं. शब्द थोडे इकडेतिकडे, मजकूर तोच: क्लासची एकच चावी होती आणि ती शिक्षिकेकडे होती.

"ती कोर्टात सुटली, ओके," मुलगी म्हणाली, "पण मग चावीचं काय? अख्खा एपिसोड चावीवर आहे मॅम. तुम्ही फक्त कॅमेऱ्यावर कन्फर्म करायचं. सात सोर्स आहेत आपल्याकडे."

सात सोर्स नव्हते. एकच होता, आणि तो तिच्यासमोर बसून तिला बिस्किटं पुढे करत होता.

ते मी तिला त्या दिवशी सांगितलं नाही. "विचार करून कळवते," म्हटलं. मी आणि विचार करून! ती गेल्यावर मी सातही कात्रणं वाचली. माझी बातमी त्यांत तिसरी होती.

तेव्हाचं पुणं आठवायचं तर आधी पाट्या आठवतात. टायपिंगच्या संस्थांवर बघता बघता 'कॉम्प्युटर क्लासेस' अशा पाट्या चढल्या. मालक तेच, बाकं तीच, फक्त टाइपरायटर माळ्यावर गेले. परदेशी कंपन्या येणार, संगणक येणाऱ्याला नोकरी लागणार, एवढं एकच वाक्य सगळ्या गावाला पाठ झालं होतं. विदर्भातून मुलंमुली बॅगा घेऊन उतरायची, कॉट बेसिसवर राहायची आणि सकाळी सहाच्या बॅचला हजर व्हायची. बिबवेवाडीतल्या त्या क्लासची शिक्षिका अशीच अमरावतीकडून आलेली. शिकायला आली आणि इतरांपेक्षा चांगलं येतं म्हणून तिथेच शिकवायला लागली. क्लास पहिल्या मजल्यावर, खाली पिठाची गिरणी.

गुरुवारी त्या भागात वीज बंद, म्हणून क्लास बंद आणि गिरणीही बंद. शुक्रवारी सकाळी शिक्षिकेने येऊन कुलूप उघडलं, तर आत मालक मेलेला. डोक्यात घाव. कुलूप जुन्या पद्धतीचं, चावी फिरवल्याशिवाय न लागणारं. म्हणजे ज्याने मारलं, त्याने बाहेर पडून चावीने कुलूप लावलं होतं.

मी दुपारी तिथे पोचले. बंदोबस्तावरच्या हवालदाराने सांगितलं, "कुलूप शाबूत, चावी बाईंकडे." बस, एवढंच. खाली गिरणी चालू होती. आत जाऊन गिरणीवाल्याला विचारावं असं मनात आलंही होतं. पण मी नवा, खळ केलेला सुती ड्रेस घातला होता, दारातूनच पिठाचा लोट बाहेर येत होता, आणि मला पाच वाजता चहाला पोचायचं होतं. मी गिरणीत गेले नाही. तो ड्रेस कोणत्या रंगाचा होता ते मला आजही आठवतं. आकाशी.

पाचचा चहा म्हणजे काय, हे सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही. शहरातले गुन्हे बघणारे सगळे वार्ताहर रोज पाच वाजता एका अमृततुल्यात बसायचे. ज्याला जे मिळालं ते त्याने टेबलावर ठेवायचं, आणि सगळ्यांनी सगळं लिहायचं. कुणाचीच बातमी चुकायची नाही आणि सकाळी कुणालाच संपादकाच्या शिव्या खाव्या लागायच्या नाहीत. वाचक मात्र समजायचा, सात पेपरांनी सात ठिकाणी चौकशी केली.

त्या बाकावर तोवर कधी बाई बसलेली नव्हती. मी गुन्ह्यांच्या बातम्या मागून घेतल्या तेव्हा आमच्या वृत्तसंपादकांनी, "तुम्ही पुष्पप्रदर्शन फार छान लिहिता हो," असं सांगून पाहिलं होतं. मी पुष्पप्रदर्शनाचा पास त्यांच्या टेबलावर ठेवून चौकीला निघून गेले. वर्षभर एकटीने फिरले, आणि वर्षभर रोज काही ना काही माझ्याकडून सुटलं. कारण मी चहाला नव्हते. हॉटेलच्या दारात मी दिसले की सहा जण आवाज बारीक करायचे. त्यांच्यातल्या सर्वांत ज्येष्ठाला सगळे दादा म्हणत. त्या शुक्रवारी मी दारात थांबले नाही. सरळ टेबलापाशी गेले.

"काय आणलंय बाईंनी?" दादांनी विचारलं.

"कुलूप शाबूत आहे. चावी शिक्षिकेकडे होती."

"ते आमच्याकडेही आहे." एक जण हसला.

तो हसला, हे मला सहन झालं नाही. मी म्हणाले, "चावी एकच होती."

"नक्की?"

"नक्की."

दादा जरा सरकले. "बसा," म्हणाले. मी बसले. सहा जणांनी वह्या काढल्या आणि ते वाक्य लिहून घेतलं. मला त्या दिवशी जिंकल्यासारखं वाटलं होतं, आणि ते मी लपवणार नाही. मी लढून ती जागा मिळवली, असं पुढे अनेक मुलींना भाषणांत सांगितलंही. त्या जागेसाठी चहाच्या टेबलावर काय ठेवलं, ते सांगितलं नाही.

शिक्षिकेला अटक झाली. सव्वा वर्ष ती तुरुंगात होती. खटला चालला तेव्हा आम्ही सातही जण कोर्टात एका बाकावर बसायचो, मीही आता त्यांच्यातली. बचावाच्या वकिलाने गिरणीवाल्याला साक्षीला आणलं. धोतर, टोपी, कानांच्या पाळ्यांवर पांढरं पीठ.

"दुसरी चावी माझ्या गिरणीत असायची साहेब," तो म्हणाला. "खिडकीच्या आत खिळ्याला. मालकाला लागली की तिथनंच घ्यायचा. गजातनं हात घातला की घावते. सगळ्या गल्लीला ठावं हाय."

सरकारी वकिलाने उलटतपासात विचारलं, मग इतके दिवस गप्प का बसलात?

"पेपरात एकच चावी आली होती ना. शुक्रवारी माझी चावी खिळ्यालाच होती. मला वाटलं, माझ्याकडची त्या कुलपाची नसंल."

स्वतःच्या गिरणीतला, स्वतःच्या हाताने ठोकलेला खिळा त्याला रोज दिसत होता. तरी त्याने आमच्यावर विश्वास ठेवला. बाकावर सात जणांच्या माना वहीत होत्या. मी पेन हातात धरून बसले, लिहिलं मात्र काही नाही.

ती निर्दोष सुटली. मारणारा कोण, ते कधीच सिद्ध झालं नाही. संध्याकाळी चहाला दादा म्हणाले, "निकाल चार ओळीत द्या सगळ्यांनी. गिरणीवाल्याचं ते पेपरचं वाक्य नको. आपल्याच पायावर धोंडा कशाला मारून घ्यायचा?" सगळ्यांनी चार ओळी दिल्या. मीही दिल्या. आतल्या पानावर, साड्यांच्या सेलच्या जाहिरातीखाली. पहिल्या वेळी मी घाईत होते असं म्हणता येईल. दुसऱ्या वेळी मला काहीच घाई नव्हती.

कात्रणं आली त्याच आठवड्यात मी त्या शिक्षिकेला शोधायला निघाले. मला फक्त माणसं शोधता येतात, दुसरी कुठलीही कला अंगात नाही. आठ दिवसांत पत्ता मिळाला. विश्रांतवाडीत, आळंदी रस्त्यापासून आत, तिचं छोटं दुकान होतं: झेरॉक्स, प्रिंटआउट आणि ऑनलाइन फॉर्म. आयटीतली मुलं भाडेकरार छापून घ्यायला उभी होती. केस पांढरे झालेले, पण कीबोर्डवर बोटं अशी चालत होती की मी बघत राहिले.

"बोला, काय काढायचंय? डोमिसाइल की उत्पन्नाचा दाखला?" तिने मान वर न करता विचारलं. अस्सल पुणेरी तुटकपणा. पंचवीस वर्षांत शहराने तिला तेवढं दिलं होतं.

मी नाव सांगितलं. बोटं थांबली.

"कोर्टात तुम्ही बाकाच्या टोकाला बसायच्या," ती म्हणाली. "एकट्या बाई होत्या. मला वाटायचं, ही तरी काही विचारेल."

गिऱ्हाइकं गेल्यावर मी सगळं सांगितलं. हवालदार, आकाशी ड्रेस, चहा, "नक्की?" "नक्की." माफी मागितली. मग कंपनीचं सांगितलं, की ते हीच गोष्ट पुन्हा, जगभर दाखवणार आहेत, आणि मी कॅमेऱ्यासमोर खरं काय ते सांगणार आहे. यावर ती हलकी होईल असं मी धरून चालले होते. माझा तो जुनाच रोग, न तपासता धरून चालायचं.

ती चिडली, आणि चिडल्यावर पुण्याची भाषा गळून पडली.

"मले टीव्हीचं कायले सांगता? माह्या गावात टीव्हीवर नव्हतं आलं. पेपरात आलं होतं. माह्या बापानं पारावर बसून वाचलं, चार माणसांत. सुटून घरी गेली त मले वाटलं, आता विचारंल, पोरी, दुसरी चावी होती का? नाही विचारलं. मरेपर्यंत नाही विचारलं. पेपरात छापलेलं खोटं कसं असंल, म्हणे." ती ग्लासातलं पाणी प्यायली. मग पुन्हा शांतपणे, शहरातल्या भाषेत म्हणाली, "माफी तुमच्यापाशी ठेवा. माझं नाव नको, चेहरा नको, माझ्या मुलीला त्रास नको. चाव्या दोन होत्या, एवढं छापून आणा. छापून. जमेल?"

"जमेल," मी म्हणाले. तिने "नक्की?" असं विचारलं नाही. विचारलं असतं तर बरं झालं असतं.

कात्रणं घेऊन आलेल्या मुलीला मी घरी बोलावून सगळं सांगितलं. तिने सातही कात्रणांवरच्या पिवळ्या ओळींवरून बोट फिरवलं. "म्हणजे हे सगळे सोर्स..."

"मीच," म्हटलं.

तिने दिग्दर्शकाला कळवलं. त्याचा लगेच फोन आला. भलताच खूश होता. "मॅम, अमेझिंग! हा ट्विस्ट आपण एंडला ठेवू. आधी तुम्ही तेव्हाची न्यूज सांगा, एकदम कॉन्फिडन्टली, 'एकच चावी होती.' मग सेपरेट बाइट घेऊ रिग्रेटचा."

मी आयुष्यभर बातम्या कापल्या आहेत. कुठलं वाक्य ठेवतात आणि कुठलं टाकतात, हे मला त्या पोराने शिकवायची गरज नव्हती. 'एकच चावी होती' हे माझ्या तोंडून एकदा मिळालं की ते पहिल्याच मिनिटात, जाहिरातीत, गावोगावच्या मोबाइलवर वाजणार होतं. पश्चात्ताप शेवटच्या मिनिटाला, जेव्हा माणसं ताट उचलून आत गेलेली असतात.

चार भागांत मी एक गोष्ट हेरून ठेवली होती. कात्री श्वासावर पडते. बोलणारा जिथे थांबतो, तिथे कापतात. म्हणून शूटिंगच्या आदल्या दिवशी मी स्वयंपाकघरात उभी राहून तालीम केली. वाक्य एक, श्वास एक, आणि 'एकच चावी' या दोन शब्दांना वाक्यात जागाच नाही.

त्यांनी दिवे लावले, अर्धा चेहरा अंधारात घातला. "तो अंधार काढा आधी," मी म्हणाले. काढला. मग दिग्दर्शकाने विचारलं, "मॅम, क्लासला चाव्या किती होत्या?"

"त्या क्लासची दुसरी चावी खालच्या गिरणीत खिळ्याला होती आणि ते मी विचारलं नाही कारण माझे कपडे पिठाने भरले असते आणि मग चहाच्या टेबलावर जागा मिळावी म्हणून मी सहा पेपरांना खोटं सांगितलं म्हणजे तुमची सातही कात्रणं माझीच आहेत."

"सुपर मॅम," तो म्हणाला. "आता तेच, जरा ब्रेक करून? छोट्या छोट्या सेंटेन्समध्ये?"

मी तेच वाक्य पुन्हा म्हटलं, न थांबता. तिसऱ्यांदा विचारलं, तिसऱ्यांदा तेच. नंतर संमतीचा कागद पुढे आला, तेव्हा मी सहीच्या वर पेनाने लिहिलं, की हे वाक्य अर्धं वापरल्यास माझी संमती नाही. तो म्हणाला, मॅम, फॉर्मवर असं लिहिता येत नाही. मी म्हटलं, लिहून झालंय की. कोपऱ्यात ती मुलगी उभी होती. सात झेरॉक्स तिच्या हातात होत्या. तिने त्या दुमडून स्वतःच्या पर्समध्ये टाकल्या आणि दिग्दर्शकाला म्हणाली, "सर, आपल्याकडे सोर्सच उरला नाहीये."

तो भाग झाला नाही. दुसऱ्या कुठल्या शहरातला खून त्यांनी घेतला. मला परत बोलावलं नाही, आणि जिन्यातली विचारपूसही थांबली. थांबू दे.

दादांपर्यंत गोष्ट पोचलीच. ऐंशी ओलांडलेत आता. फोनवर म्हणाले, "अहो, तुमचं ठीक आहे, आमची अब्रू कशाला चव्हाट्यावर मांडता? आपण सगळे एका ताटात जेवलेलो."

"जेवलो दादा. आणि ताट मीच वाढलं होतं," मी म्हणाले. "म्हणून सांगते आहे."

"या वयात काय मिळणार आहे तुम्हाला?"

"काही नाही. मिळवायचं ते त्या दिवशीच मिळवलं ना, बाकावर." त्यांनी फोन ठेवला. वाईट वाटलं, कारण माणूस वाईट नव्हता. पण मी परत फोन केला नाही.

टीव्हीवर काही आलं नाही, म्हणजे खोटं पुन्हा पसरलं नाही. पण मी कबूल केलं होतं ते वेगळंच. छापून. मी आमच्या जुन्या दैनिकाच्या कचेरीत गेले. टेबलावर आता कागद नसतात. नवे संपादक फार सभ्य. "मॅडम, इतक्या जुन्या बातमीची दुरुस्ती? वाचकाला संदर्भच लागणार नाही. आणि मग उद्या कोणीही येईल."

"यावं," मी म्हणाले. "सगळ्यांनी यावं."

ते हसले, चहा मागवला. मी चहा घेतला नाही. उरलेल्या सहांपैकी चार पेपर अजून निघतात, तिथेही जाऊन आले. एकाने, "तुमच्या पेपरने आधी छापू दे, मग बघू," असं सांगितलं. त्या एका वाक्यात आमचा सगळा धंदा आला. विश्रांतवाडीला मी तेव्हापासून गेलेले नाही. रिकाम्या हाताने त्या दुकानात जायची माझी छाती नाही.

मग तुमच्या हातातल्या या पुस्तकासाठी प्रकाशकांनी माझ्याकडे आठवणी मागितल्या. पाहिलेले गुन्हे, गाजलेले खटले, एका बाईने लढून मिळवलेली जागा, असं काहीतरी लिहा म्हणाले. मी होकार दिला आणि हे लिहिलं. प्रकाशकांना अट एकच घातली, की शेवटच्या ओळी कापायच्या नाहीत आणि बारीक टायपात घालायच्या नाहीत. वर्तमानपत्रात दुरुस्ती नेहमी बारीक टायपात असते. चूक मात्र पहिल्या पानावर, मोठ्या टायपात.

पहिली प्रत मी स्वतः आळंदी रस्त्याने घेऊन जाणार आहे. तिने ती घ्यावी, फेकावी, काउंटरवर उघडून ठेवावी, तिची मर्जी. पारावर बसून वाचणारा माणूस आता नाही, हे मला माहीत आहे. तरी त्याला उद्देशून लिहिते.

दुरुस्ती. बिबवेवाडीतल्या कॉम्प्युटर क्लासला एकच चावी होती, असं सात वर्तमानपत्रांत छापून आलं होतं. ते खोटं होतं. ते मी सांगितलं होतं. काका, चाव्या दोन होत्या.